दिग्दर्शकाच्या मनात खरंच एवढं असतं का?

तू वेंगुर्ल्याच्या कॉलेजात शिकतोस, भित्तिपत्रकात नागराज मंजुळेंच्या 'फँड्री' पिक्चरवर लिहिलंस, त्यातला खालच्या मानलेल्या जातीतला पोरगा जब्या शेवटचा दगड आपल्याला म्हणजे प्रेक्षकाला मारतो असं त्यात म्हटलंस, आणि सर म्हणाले की हे तू ओढूनताणून काढलंयस, दिग्दर्शकाच्या डोक्यात असलं काही नसतं. वर घरी काका म्हणाले की लोकांनी कर्ज काढून पिक्चर करायचे आणि ह्यांनी खुर्चीत बसून चुका काढायच्या. म्हणून तुझा प्रश्न, समीक्षेचा उपयोग नक्की काय, आणि पिक्चरचा अर्थ लावायचा हक्क आपल्याला दिला कोणी? मी इकडे सिंधुदुर्गात बरीच वर्षं फिल्म क्लब चालवते, जिल्ह्याच्या पुरवणीत पिक्चरवर लिहिते, शाळा-कॉलेजात जाऊन मुलांना पिक्चर दाखवून त्यावर बोलते, त्यामुळे हे दोन्ही प्रश्न मला इतक्यांदा विचारले गेलेत की उत्तर जरा लांबणार आहे, चहा घेऊन बस.

आधी सरांचं घेऊ, ते सोपं आहे. 'फँड्री'चा शेवट परत लाव, पण ह्या वेळी जब्याकडे बघू नकोस, कॅमेरा कुठे ठेवलाय ते बघ. अख्खं गाव मजा बघत बसलंय, जब्याचं घर डुकरामागे धावतंय, आणि शेवटी त्याचा तोल सुटतो आणि तो चिडवणाऱ्याला दगड मारतो. गोष्ट म्हणून एवढंच आहे. कॅमेरा बाजूला ठेवून दगड कोणाला लागला, रक्त आलं का, लोक पळाले का, हे सगळं आरामात दाखवता आलं असतं आणि दहातले नऊ दिग्दर्शक तसंच दाखवतील. इथे दगड सरळ लेन्सवर येतो आणि पडदा काळा होतो. म्हणजे चिडवणारा जिथे उभा आहे तिथे आपल्याला उभं केलंय. आणि त्याच्या आधी काय झालेलं असतं? ती डुक्कर पकडायची धावपळ बघून थेटरात लोक हसलेले असतात. मी दाखवलेल्या प्रत्येक खेळाला हसलेत, मालवणात हसलेत, कुडाळात हसलेत, मास्तर लोकही हसलेत. हसणाऱ्याच्या दिशेनेच दगड आलाय. आता हे नागराज मंजुळेंच्या मनात होतं की नव्हतं हे त्यांना फोन करून विचारायची गरज आहे का? कॅमेरा तिथे ठेवलाय हे आपल्याला दिसतंय, बास झालं. सरांना सांग, मनातलं मी काही सांगितलेलं नाही, फ्रेममधलं सांगितलंय.

पण सरांचं म्हणणं अगदीच टाकाऊ नाहीये हां. ओढूनताणून अर्थ काढणारे असतात, आमच्या क्लबमध्येही आहेत. त्याच पिक्चरमधल्या काळ्या चिमणीवर एका गृहस्थांनी आमच्याकडे पाऊण तास भाषण केलं, ती चिमणी म्हणजे लोकशाही, ती हातात येत नाही, वगैरे वगैरे. मी विचारलं हे कुठल्या सीनमध्ये दिसलं तुम्हाला, तर म्हणाले जाणवतं. जाणवतं म्हटलं की विषय संपला, त्याच्यावर बोलता येत नाही. पिक्चरमध्ये ती चिमणी कशासाठी हवीय ते स्वच्छ सांगितलंय, तिला जाळून राख शाळेतल्या शालू नावाच्या वरच्या जातीतल्या मुलीवर टाकली की ती वश होईल म्हणून. म्हणजे सरळ रस्त्याने जी मिळणं ह्या गावात शक्य नाही अशा मुलीसाठी पोरगा जादूटोण्याकडे वळलाय, आणि ती जादूही हाताला लागत नाही. इथपर्यंत पिक्चर आपल्याला स्वतः घेऊन जातो. त्याच्या पुढचं ते भाषण आहे आणि ते पिक्चर न बघताही करता आलं असतं. मी मुलांना एवढंच सांगते, अर्थ कितीही मोठा काढा पण बोट ठेवून दाखवा, हा शॉट, हा आवाज, हा कट. उदाहरणार्थ तो दुसरा सीन घे. मारलेलं डुक्कर काठीला बांधून जब्या आणि घरचे नेतायत आणि मागे शाळेच्या भिंतीवर आंबेडकर, फुले अशा थोरामोठ्यांची चित्रं. कोणी काही बोलत नाही. हा योगायोग असता तर कॅमेरा इतक्या सावकाश ती भिंत ओलांडून गेला नसता.

आणि दिग्दर्शकाच्या मनाचं म्हणशील तर पिक्चर ही काय एकट्याच्या मनातली गोष्ट नसतेच. कुलेशोव्ह नावाच्या रशियन माणसाने शंभरेक वर्षांपूर्वी एक प्रयोग केला होता, त्यात एका नटाचा तोच निर्विकार चेहरा एकदा सुपाच्या ताटलीला जोडला आणि एकदा शवपेटीला जोडला, आणि बघणाऱ्यांना एकदा त्यात भूक दिसली आणि एकदा दुःख दिसलं. चेहरा तोच. म्हणजे भाव नटाने केलाच नव्हता, तो दोन शॉटांच्या मधल्या फटीत आपणच भरला. पिक्चर हे माध्यमच असं आहे की बघणारा निम्मं काम करतो, मग अर्थ लावायची परवानगी मागायची कोणाकडे? तू बघायला बसलास तेव्हाच कामाला लागलास.

आता काकांचं. काकांच्या डोक्यात समीक्षक म्हणजे निकाल देणारा. अडीच स्टार, साडेतीन स्टार, बघा, बघू नका. चूक त्यांची नाही, पेपरातल्या रिव्ह्यूंनी आणि मोबाईलवरच्या त्या ओरडून बोलणाऱ्या पोरांनी लोकांना तेच शिकवलंय. माझं स्पष्ट मत, स्टार हा समीक्षेतला सगळ्यात निरुपयोगी भाग. पैसे वाचवायला बरा, रत्नागिरी किंवा कणकवलीपर्यंत गाडीभाडं घालून पिक्चरला जाणाऱ्याला तेवढी माहिती हवी असते हे मी नाकारत नाही, पण त्याला समीक्षा म्हणू नये.

काकांना दशावताराची आठवण करून दे. कोकणातल्या माणसाला समीक्षा काय असते हे शिकवायला लागत नाही, तो जत्रेत रात्रभर बसून तेच तर करतो. गोष्ट पुराणातली, सगळ्यांना पाठ. शेवटी कोण जिंकणार, राक्षस मरणार हे चार वर्षांच्या पोरालाही ठाऊक. लिहिलेली संहिता नाही, रंगपटात कथानक ठरतं आणि पुढे सगळं नटाच्या जिभेवर. तरी लोक थंडीत पहाटे धयकाल्यापर्यंत, म्हणजे शेवटी दहीहंडी फुटेपर्यंत, बसतात आणि सकाळी टपरीवर काय बोलतात? राजापार्टाने शब्द कसा परतवला, स्त्रीपार्टी चालतो कसा, पेटीवाला कुठे मागे पडला, कालचं युद्ध लांबलं, गेल्या वर्षी दुसऱ्या कंपनीने हाच आख्यान भाग जास्त चांगला उभा केला होता. काय घडलं ह्यावर कोणी बोलत नाही, कसं केलं ह्यावरच बोलणं. तेच काका थेटरातून बाहेर आले की मात्र स्टोरी चांगली होती, टाइमपास होता, एवढ्यावर थांबतात. डोळा आहे, कान आहे, फक्त पडद्यासमोर तो वापरायची सवय नाही. ती सवय लावणं हे समीक्षेचं काम.

ह्याचं सगळ्यात चांगलं उदाहरण म्हणजे चैतन्य ताम्हाणेंचा 'कोर्ट'. 2014 चा पिक्चर, राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट ठरला, आणि आमच्याकडे दाखवला तेव्हा अर्धे लोक मध्यंतरात चुळबूळ करायला लागले. काही घडतच नाही, कॅमेरा एका जागी खिळलाय. खरं आहे, लांबून घेतलेले, न हलणारे, मोठे मोठे शॉट आहेत. आता इथे समीक्षकाने काय करायचं? संथ आहे म्हणून दोन स्टार कापायचे? मी दुसऱ्या खेळाच्या आधी फक्त एवढंच सांगितलं की फ्रेमच्या मधोमध जो बोलतोय त्याच्याकडे बघू नका, कडेला बसलेल्यांकडे बघा. झालं, हॉल बदलला. बिनबाह्यांचा ड्रेस घातला म्हणून एका बाईचा खटला जज्ज पुढे ढकलतो तो सीन पहिल्या खेळाला कोणाच्या लक्षातही राहिला नव्हता, दुसऱ्या वेळी हॉलमधल्या बायकांनी च्च्यक् केलं. आणि तो पिक्चर संपतो कसा बघ. कोर्टाची उन्हाळी सुट्टी लागते, माणसं निघून जातात, दिवे बंद होतात, अंधार. सगळ्यांना वाटतं संपला, काही उठूनही उभे राहतात. पण संपत नाही, पुढे जज्जसाहेब नातेवाइकांबरोबर सहलीला. बाकावर डुलकी काढतायत, पोरं जवळ येऊन ओरडतात, दचकून जागे होतात आणि एका पोराला थोबाडीत देतात, आणि परत झोपतात. ज्याच्यावर हा सगळा खटला चाललाय तो लोकशाहीर नारायण कांबळे तिकडे तुरुंगात. आता दिवे बंद झाले तिथेच पिक्चर संपला असता तर तो न्यायव्यवस्थेवरचा एक गंभीर, भारदस्त पिक्चर झाला असता. ह्या शेवटामुळे तो माणसांवरचा झाला, म्हणजे खुर्चीतला कायदा आणि सहलीतला हात हा एकाच माणसाचा आहे. थोबाडीत कोणाला बसते तर ज्याला काही कळत नाही अशा पोराला. हे मी कोणाला पटवून दिलं नाही, पिक्चर दोनदा का संपतो एवढंच विचारलं आणि हॉलमधल्या एका मच्छी विकणाऱ्या मावशींनी उत्तर दिलं, "तो थयसर पण झोपलेलोच होतो मा." तो तिथे, कोर्टातही, झोपलेलाच होता. ह्याच्यापेक्षा चांगलं वाक्य मी आजवर त्या पिक्चरवर वाचलेलं नाही.

आता आपल्या कोकणाचं, कारण तुला लिहायचं असेल तर इथे तुझ्याकडे असं काहीतरी आहे जे पुण्या-मुंबईच्या समीक्षकाकडे नाही, आणि तोच तुझा सापळाही आहे.

आपल्याकडे शूटिंगला येतात आणि ड्रोन उडवतात. नारळाची झाडं, खाडी, लाल माती, कौलारू घर, बस. कुठलाही गोंधळलेला हिरो शहर सोडून इथे येतो आणि त्याला शांती मिळते, जशी काय इथल्या माणसांना वीज-बिल आणि भाऊबंदकी नसतेच. हे बघून आपण चिडतो आणि मग आपल्या पोरांचे रिव्ह्यू असे येतात की आमच्याकडे असं नसतं. झाडाला हापूस लटकलाय आणि मागे धबधबा भरून वाहतोय, म्हणजे एप्रिल आणि जुलै एकाच फ्रेममध्ये. यांत्रिक मासेमारीला 1 जूनपासून बंदी असते, बोटी वर काढून शाकारलेल्या असतात, आणि हिरो भर पावसात ट्रॉलरवर गाणं म्हणतोय. चूक आहे, हसू येतं, पण नुसती ही चूक पकडणं म्हणजे समीक्षा नाही, तो प्रूफरीडिंगचा प्रकार झाला. पुढचा प्रश्न विचार, की ह्या चुकीने पिक्चरचं काय बिघडलं? प्रेमगीत असेल तर फार काही बिघडलं नाही, सोडून दे. पण पिक्चर जर एका मच्छीमाराच्या पोटाबद्दल असेल आणि बंदीच्या काळात घरात पैसा कुठून येतो हेच त्याला माहीत नसेल, तर मग तो पिक्चर त्या माणसाबद्दल नव्हताच, फक्त त्याच्या होडीबद्दल होता. हे तू लिहू शकतोस, दुसरा नाही लिहू शकणार.

उलट जिथे कोकण नीट आलंय तिथे ते कसं आलंय हे सांगणं जास्त अवघड आणि जास्त गरजेचं. 'श्वास' बघ, 2004 चा. 'श्यामची आई'ला 1954 मध्ये पहिलं सुवर्णकमळ मिळालं होतं, त्यानंतर इतक्या वर्षांनी मराठीला ते परत मिळालं ते ह्या पिक्चरला. सगळे आजोबा-नातवाबद्दल आणि रडण्याबद्दल बोलतात. मला वाटतं त्यातली खरी गंमत अशी की बहुतेक पिक्चर शहरातल्या हॉस्पिटलात घडतो, आणि पोराचे डोळे जाणार आहेत हे कळल्यापासून त्यातलं कोकण देखावा म्हणून बघताच येत नाही, प्रत्येक हिरवी फ्रेम हे त्याचं शेवटचं बघणं होऊन बसतं. सुंदर दिसणं हेच तिथे त्रास देतं. 'किल्ला'मध्ये अविनाश अरुण स्वतः छायाचित्रकार असल्यामुळे देखाव्याच्या मोहात पडायला भरपूर वाव होता, पण किल्ल्यात पाऊस कोसळतो आणि सोबतची पोरं निघून जातात आणि त्यातला शाळकरी चिन्मय एकटा शोधत फिरतो, तेव्हा ती भिंत आणि ते पाणी बघायला सुंदर असूनही आपल्याला तिथून कधी एकदा बाहेर पडतो असं होतं. आमच्याकडे एका आजोबांनी तो बघून सांगितलं, "माका सगळा काय समाजला नाय, पण तो झील थय एकटो रवलो तेवा माका माजी शाळा आठावली." झील म्हणजे पोरगा. बाप गेलेला, आईची बदली, नवीन गाव, हे शब्दांत न सांगता पावसाने सांगितलंय. 'नारबाची वाडी' अजून वेगळा, 2013 चा, मूळ गोष्ट मनोज मित्र ह्यांच्या बंगाली नाटकाची. बंगालची गोष्ट इथे इतकी चपखल का बसली? कारण म्हाताऱ्याची बाग आणि तिच्यावर डोळा ठेवून बसलेला खोत हे आपल्याला समजावून सांगावं लागत नाही. तिथे वाडी हा देखावा नाही, सातबारा आहे.

भाषेचं एक सांगते, हे माझं जुनं दुखणं. पिक्चरमध्ये मालवणी बोलणारा माणूस म्हटला की तो विनोदी, बहुतेक नोकर, नाहीतर दारुडा. एक पिक्चर बघून हे लक्षात येत नाही, दहा-वीस बघितल्यावर येतं, आणि समीक्षकाचा अजून एक उपयोग हाच, की तो सुटा पिक्चर न बघता सगळी रांग बघतो. लोक म्हणतात हे मच्छिंद्र कांबळींच्या 'वस्त्रहरण'मुळे झालं. मला नाही पटत. 1980 ला आलेल्या, गवाणकरांनी लिहिलेल्या त्या नाटकात सगळं स्टेजच मालवणी बोलतं, शहाणा पण मालवणी आणि मूर्ख पण मालवणी, त्यामुळे हसू माणसाच्या वागण्याला येतं. पिक्चरवाल्यांनी तिथला फक्त हेल उचलला आणि प्रमाण मराठी बोलणाऱ्या नऊ जणांत एक सोडला, मग हसू भाषेलाच यायला लागलं. ह्याच्यावर कोणीतरी नीट, उदाहरणं काढून लिहायला हवं. तू लिही.

काकांचं दुसरं म्हणणं असेल की समीक्षकांनी शिव्या घातलेले पिक्चर पुढे गाजतात, मग ह्यांना काय कळतं. गाजतात, खरंय. 1967 ला 'बॉनी अँड क्लाइड' आला तेव्हा अमेरिकेतल्या एका मोठ्या साप्ताहिकाच्या समीक्षकाने आधी तो झोडपला आणि मग परत बघून पुढच्याच अंकात स्वतःचं परीक्षण मागे घेतलं. मला ह्यात लाज वाटण्यासारखं काही दिसत नाही. आपल्याकडे 'कागज के फूल' 1959 ला असा पडला की गुरुदत्तने त्यानंतर दिग्दर्शक म्हणून स्वतःचं नावच लावलं नाही. तो आज जिवंत आहे तो कशामुळे? नुसत्या गाण्यांमुळे नाही, मागून लोकांनी परत परत बघून त्यातली सावली-उजेडाची भाषा उलगडून दाखवली म्हणून, आणि त्यातलं एक अतिशय महत्त्वाचं काम मराठीत झालंय, अरुण खोपकरांचं 'गुरुदत्त: तीन अंकी शोकांतिका', त्याला राष्ट्रीय पुरस्कार आहे. लायब्ररीत मिळालं तर काकांच्या हातात दे. त्यात चुका काढलेल्या नाहीत, गाण्याचं चित्रण कसं केलंय, चेहऱ्यावर उजेड कुठून येतो ह्याच्यावर पानंच्या पानं आहेत.

आणि फ्रान्सच्या त्रुफो-गोदारचं तर तुला माहीत असेलच, 'काय्ये द्यु सिनेमा' नावाच्या मासिकात आधी समीक्षा लिहायचे, तिखट लिहायचे, मग स्वतः पिक्चर काढले. तेव्हा खुर्चीत बसणारे आणि पिक्चर काढणारे ह्या दोन जाती नाहीत.

एक अडचण मात्र तुला इथे येणारच. मराठी पिक्चर आहे, सांभाळून घ्या. आधीच स्क्रीन मिळत नाहीत, त्यात तुम्ही लिहिताय. आणि पिक्चर आपल्या जिल्ह्यातल्या माणसाचा असेल तर विचारूच नको, निर्माता तुझ्या आतेचा दीर निघतो. मला एकदा एका स्थानिक निर्मात्याने फोन करून सांगितलं होतं की ताई, दोन ओळी चांगल्या टाका, पोरांनी फार मेहनत घेतलीय. मेहनत घेतली होतीच. मी तसं लिहिलं, आणि मेहनत कुठे वाया गेली तेही लिहिलं, संवादांचा आवाज मागच्या संगीतात बुडत होता आणि मधला अर्धा तास कोणाच्या गोष्टीत आपण आहोत हेच कळत नव्हतं. पुढच्या प्रीमियरला मला बोलावलं नाही. चालायचंच. पण सगळ्यांनी सांभाळून घेतलं की काय होतं, तर चांगला पिक्चर येतो तेव्हा त्याच्यासाठी शब्दच शिल्लक नसतात, कारण 'अप्रतिम' आणि 'काळजाला भिडणारा' हे आधीच गेल्या आठवड्यातल्या टुकारावर खर्च झालेले असतात, आणि वाचणारा दोन्ही सारखेच समजून घरी बसतो.

लिहायचं कसं म्हणशील तर पहिल्यांदा वही न घेता बघ, हसू येईल तिथे हस. दुसऱ्यांदा वही घेऊन, आणि शक्य असेल तर एखादा सीन आवाज बंद करून बघ, मग फक्त आवाज ऐक, अर्धं कोडं तिथेच सुटतं. गोष्ट चार ओळींच्या वर सांगू नकोस. एकच सीन घे आणि तो इतका नीट लिही की न बघितलेल्यालाही दिसला पाहिजे. जे आवडलं नाही तेही तसंच, कंटाळा आला असं न लिहिता कुठल्या मिनिटापासून आला आणि तिथे कॅमेरा काय करत होता ते लिही. तुझ्या त्या 'फँड्री'च्या लेखात दगडाचं वाक्य बरोबर आहे, पण कॅमेऱ्याची जागा तू सांगितलीच नाहीस, म्हणून सरांना ते हवेतलं वाटलं. ते दोन परिच्छेद परत लिहून पाठव मला, राष्ट्रगीत लागतं तेव्हा सगळे थांबतात आणि डुक्कर निघून जातं त्या सीनवरही लिही, लेखात तो आलाच नाहीये.

आणि नोव्हेंबरात पणजीला जमव. इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, 2004 पासून गोव्यातच होतो, वेंगुर्ल्याहून एसटीने जाऊन येण्याइतका जवळ, विद्यार्थ्यांची नोंदणी वेगळी असते आणि लवकर बंद होते म्हणून आधीच साइट बघून ठेव. पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूट आणि फिल्म अर्काइव्हचा रसास्वादाचा कोर्स असतो, तो नंतर कधीतरी, पदवी झाल्यावर. राहायची सोय पणजीत महाग पडते, आमच्या क्लबची चार-पाच मंडळी म्हापशाला उतरतात, त्यांच्यात तुझी व्यवस्था होईल.